बेरीज कोनं केली?

आमच्या शाळेत नववी आणि दहावीच्या वर्गांमधली भिंत छतापर्यंत गेलेली नाही. दोनेक हात खालीच ती थांबली आहे, बहुधा बांधणाऱ्याचं सिमेंट तिथे संपलं असावं. त्यामुळे पलीकडच्या वर्गात जे चालतं ते अलीकडे सगळं ऐकू येतं. मी नववीला भूमिती शिकवायचे आणि पलीकडे सर दहावीला बीजगणित शिकवायचे. माझ्या नोकरीची कितीतरी वर्षं मी सरांना त्या भिंतीवरून ऐकत काढली. खरं सांगायचं तर सोसत काढली.

एखादं पोरगं पुस्तकातलं उदाहरण मोठ्यानं वाचायचं, "तीन क्रमागत संख्यांची बेरीज बहात्तर आहे, तर त्या संख्या शोधा." आता इथे कोणताही शहाणा शिक्षक फळ्याकडे वळतो आणि 'समजा पहिली संख्या क्ष' असं लिहून मोकळा होतो. पाच मिनिटांचं काम. आमचे सर मात्र खडू ठेवून खुर्चीवर बसायचे.

"थांब. बेरीज कोनं केली?"

कोणीतरी भीत भीत म्हणायचं, "पुस्तकात देली हाय, सर."

"पुस्तक काय बेरीज करते? कोन्या तरी मानसानं केली असंन. बेरीज कराले संख्या लागतात का नाई?"

"लागतात जी."

"मंग त्या मानसाले संख्या मालूम होत्या. मालूम असून थो मले कायले इचारून राह्यला? एक तं थो खोटा हाय, नाई तं भुलक्कड हाय, नाई तं आपली परीक्षा पाहून राह्यला. सांगा, तिघायपैकी कोन?"

मग हात वर व्हायचे. खोटा म्हणणारे इतके, भुलक्कड म्हणणारे तितके. अर्धा तास त्यातच जायचा. अलीकडे माझी नववीची पोरं प्रमेय सोडून कान भिंतीकडे लावून बसायची आणि त्यातलं एखादं बिनधास्त विचारायचं, "म्याडम, तुमाले काय वाटते, थो खोटा असंन का भुलक्कड?" माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची.

सर मूळचे किन्हीराजाचे. उंच, वाळलेले, शर्टाचा खिसा खडूनं कायम पांढरा. मानोऱ्याजवळच्या या गावात त्यांची सगळी नोकरी गेली. शाळेत निम्मी पोरं गावातली आणि निम्मी आजूबाजूच्या तांड्यांवरची. सरांचं म्हणणं साधं होतं, आणि ते त्यांनी मला इतक्यांदा ऐकवलंय की मी झोपेतही सांगेन. शाब्दिक उदाहरण म्हणजे कोणाचं तरी घोडं अडलेलं असलं पाहिजे. दुधात पाणी घालणारा गवळी खरा असतो. अमुक मजूर तमुक दिवसांत विहीर खणतात, तेही खरं असू शकतं. पण ज्याला बेरीज ठाऊक आहे, संख्या एकापाठोपाठ आहेत हेही ठाऊक आहे आणि फक्त संख्याच ठाऊक नाहीत, असा माणूस या पृथ्वीवर आहे तरी कुठे?

"असा एक मानूस मले दाखवा म्याडम," ते म्हणायचे, "म्या त्याच्या पाया पडतो आन् तुमच्यासारखं क्ष मांडून गुमान शिकवतो."

तो माणूस ते आयुष्यभर शोधत होते, आणि भेटेल त्याला विचारत होते. एसटीच्या कंडक्टरला विचारलं. वाशीमच्या बाजारातल्या शिंप्याला विचारलं. लग्नात आचाऱ्याला पातेल्याशी गाठून विचारलं, "का जी, तुमच्या धंद्यात असं कधी होते का? एकूनचा आकडा मालूम हाय, एकानं एक वाढते हे मालूम हाय, पन आकडे मालूम नाईत?" आचाऱ्याला वाटलं पाहुणे वाढले. त्यानं आणखी कणीक भिजवली.

माझे सासरे गेले तेव्हा तेरवीला सर आले होते. शांतपणे बसले, दोन शब्द चांगले बोलले. मला बरं वाटलं. मग पंगत उठली आणि माझ्या सासूबाई येऊन टेकल्या. बोलता बोलता त्या म्हणाल्या, माझी तिन्ही लेकरं पाठोपाठची, वर्षावर्षाच्या अंतरानं झाली, यांनी फार कष्टानं वाढवली. सर एकदम सावरून बसले. मी लांबून हातानं खुणा करत होते, की नका, सर, आज नका. पण कोण बघतंय?

"तिघायच्या वयाची बेरीज किती जी?"

सासूबाई डोळ्यांना लावलेला पदर काढून त्यांच्याकडे बघतच राहिल्या. "वयाची बेरीज? ते कायले करते कोनी?"

"तेच तं!" सर मांडीवर थाप मारून म्हणाले. "वयाची बेरीज करनारा मानूस म्या अजून पाह्यला नाई. पुस्तकात मात्र पानोपानी बसला हाय."

त्यानंतर सासूबाई मला वर्षभर विचारत होत्या, तुमच्या त्या मास्तरांची तब्येत बरी आहे ना. सरांच्या बायकोला हे सांगितलं तर ती माउली हसून म्हणाली, "मले काय सांगता? पाह्यले आले होते तवा माह्या बापानं इचारलं, पोरगी पसंत हाय का? तं हे म्हनते, मामाजी, तुमची पिठाची चक्की हाय ना, मंग एक सांगा. माह्या बापाले वाटलं, हुंड्यात चक्की मागून राह्यला."

एकदा वर्गातल्या एका हुशार पोरानं त्यांना अडकवायचा प्रयत्न केला. भिंतीवरून मी कान देऊन ऐकत होते, कारण मलाही वाटत होतं की कोणीतरी एकदाचं यांचं तोंड बंद करावं.

"सर, पुस्तक उघडलं, समोरासमोरच्या दोन पानांच्या नंबरांची बेरीज..."

"पुस्तक उघडलं ना बे?"

"हो, सर."

"मंग पाय ना नंबर! समोर लिहिले हायत. बेरीज कायले करत बसला?"

वर्ग खो खो हसला, माझी नववीसुद्धा. मी डस्टर आपटला.

आता एवढं वाचून कोणाला वाटेल की हा माणूस गणित शिकवायचाच नाही. शिकवायचा. पण त्याचीही त्यांची स्वतःची तऱ्हा होती आणि ती माझ्या डोक्याला वेगळा ताप होती. ते तीन पोरांना समोर उभं करायचे. पहिल्याच्या हातात थोडी बोरं, दुसऱ्याच्या हातात त्याहून एक जास्त, तिसऱ्याच्या हातात आणखी एक जास्त. बोरांचे दिवस नसले तर हरभऱ्याचे घाटे, नाहीतर चिंचोके. मग म्हणायचे, "मोठ्या, धाकट्याले एक दे." मोठा द्यायचा. तिघांच्या हातात सारखी बोरं.

"झाले का सारखे? म्हंजे बेरजेले तीनानं भागलं का मधली भेटते. मधलीले धरा. एकडाव मधली सापडली का मांगची-पुढची आपोआप हाती येते."

हे मला आवडायचं, कबूल करते. यात काही खोट नव्हती. बोरं नंतर सर खाऊन टाकत, तेवढं सोडलं तर.

मोठा आणि धाकटा रोज बदलायचा. सरांच्या नोकरीच्या शेवटच्या वर्षी मधली मात्र एकच असायची, पूनम. नाल्यापलीकडच्या तांड्यावरची. दहावीची वर्गशिक्षिकाही मीच होते, त्यामुळे तिची मला माहिती होती. गणितात बेतास बात, बोलण्यात त्याहूनही कमी. मधलीला काही द्यायचं नसतं, काही घ्यायचं नसतं, नुसतं चिंचोके धरून उभं राहायचं असतं, म्हणून ती आनंदानं उभी राहायची. एकदा सरांनी तिला विचारलेलं मला ऐकू आलं.

"पूनम, तुले काय भेटलं?"

"काई नाई, सर."

"आन् गेलं काय?"

"काई नाई."

"म्हनूनच तुले धरून चालते सगळं."

ती हसली असावी, कारण सरही हसले.

तर सांगत होते काय, या बोरांच्या कारभाराचा परिणाम सराव परीक्षेत दिसला. दहावीचे पेपर तपासायला माझ्याकडे आले. क्रमागत संख्यांचं उदाहरण होतं. मी पहिला पेपर उघडला. उत्तराच्या जागी समीकरण नाही, क्ष नाही, काही नाही. लिहिलं होतं, 'मोठ्या संख्येने धाकट्या संख्येला एक दिला. म्हणून तिघी सारख्या झाल्या. म्हणून मधली संख्या पंचवीस.' मला वाटलं एखाद्यानं गंमत केली असेल. दुसरा पेपर उघडला. तिसरा उघडला. सगळ्या वर्गानं असाच एक दिला होता. एका पोरीनं तर 'धाकट्या संख्येने एक घेतला व आभार मानले' इथपर्यंत मजल मारली होती. मी सगळ्यांचे गुण कापले आणि पेपरांचा गठ्ठा घेऊन तडक शिक्षकखोलीत गेले.

"सर, हे काय आहे? बोर्डाचा पेपर तपासणाऱ्याला काय कळणार, कोणी कोणाला काय दिलं?"

"काहून? त्याले लहान भाऊ नाई का?"

"पायऱ्यांचे गुण जातील मुलांचे!"

"उत्तर चुकलं का?"

"उत्तर बरोबर आहे, पण—"

"मंग झालं तं. म्याडम, आपल्या पोट्ट्यायनं एक तरी डाव मांगचं पान उघडून उत्तर जुळवलं का? नाई. उत्तराले पाहून गनित करू नये, भलताच आकडा घालून जुळवू नये, एवढंच म्या शिकवलं. बाकी तुमी पाहून घ्या."

बाकी मीच पाहून घेत होते. आता हेडसरांची काळजी शंभर टक्के निकालाची, माझी काळजी पायऱ्यांच्या गुणांची, आणि सरांची काळजी त्या जगात नसलेल्या माणसाची. अशी आमची शाळा.

आणि मग तो माणूस सापडला. निरोप समारंभाच्या दिवशी.

दहावीच्या निरोपाला वर्गाचा एकत्र फोटो काढायची आमच्याकडे पद्धत आहे. दरवर्षी एक म्हातारे फोटोवाले यायचे, पोरांना कसंही दाटीवाटीनं उभं करायचे आणि निम्म्यांचे चेहरे दुसऱ्यांच्या कानामागे जायचे. त्या वर्षी ते आले नाहीत, त्यांच्या जागी मानोऱ्याहून त्यांचा नातू आला. नाव इरफान. नवाकोरा कॅमेरा, अंगात नवा उत्साह. सगळी तयारी माझ्याकडे होती. मी बाकं काढून ठेवली होती, टेबलं लावली होती, आलुबोंडे सांगून ठेवले होते. इरफाननं मैदान बघितलं, उन्हाकडे बघितलं आणि म्हणाला, "म्याडम, तीन लाइनी करू. एक खाली, एक बाकावर, एक टेबलावर. पन मागच्या लाइनीत दर खेपेला एक बच्चा जास्त पायजे. पुढच्या दोघायच्या मंधातून मागच्याचं मुंडकं दिसलं पायजे, तवा फोटो भारी येते. किती बच्चे हायत?"

मी मोजून ठेवले होते. "चव्वेचाळीस."

"मंग पहिल्या लाइनीत किती उभे करू?"

सर मागे उभे राहून तंबाखू मळत होते. त्यांचा हात थांबला. ते पुढे आले आणि इरफानचं मनगट धरलं.

"काय म्हनला तू? पुन्हा बोल."

पोरगं घाबरलं. "किती उभे करू, सर?"

"तुले एकून मालूम हाय?"

"हो. म्याडम बोलल्या ना."

"एकानं एक वाढते, हे मालूम हाय?"

"हो, सर."

"आन् लाइनीत किती, हे नाई मालूम?"

"नाई, सर. तेच तं इचारून राह्यलो."

सरांनी तंबाखू फेकून दिली. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, मी स्वतः बघितलं. "म्याडम," ते म्हणाले, "हा खोटा बी नाई, भुलक्कड बी नाई. याचं खरंच अडलं हाय." आणि खरोखर ते इरफानच्या पाया पडायला वाकले. तो बिचारा टुणकन मागे सरला. चव्वेचाळीस पोरं टाळ्या वाजवायला लागली. मी घड्याळाकडे बघितलं.

सरांनी काडी घेतली आणि मातीतच गणित मांडायला बसले. पोरं भोवती गोळा. चव्वेचाळीस भागिले तीन. काडी अडली. पुन्हा भागलं. पुन्हा अडली.

"जात नाई," सर म्हणाले.

"जात नाही तर नाही, सर," मी म्हटलं. "दोघांना खाली बसवू, हातात वर्गाची पाटी देऊ. बेचाळीस उरतात. तेरा, चौदा, पंधरा. चला, आलुबोंडे निवतायत."

"उत्तर जुळवाले दोघायले बाहेर काढता काय?"

"मग तुम्ही एक उभे राहा मुलांत. पंचेचाळीस होतील."

"भलताच आकडा घालू?" त्यांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मीच मागचं पान उघडताना सापडले. "मोजनी चुकली असंन. पटावर किती हायत?"

"पटावर पंचेचाळीस. पण पूनम नाही ना, सर. दिवाळीनंतर आली कुठे ती?"

ती गेली होती आईबापाबरोबर ऊसतोडीला. दरवर्षी ती आजीजवळ तांड्यावर राहायची. पावसाळ्यात आजी वारली. घरी कोणी उरलं नाही, आणि पाळण्यातल्या भावाला फडावर सांभाळायला कोणीतरी हवंच होतं. बोर्डाचा फॉर्म दिवाळीआधीच भरून झाला होता, पण ती काही परत येत नाही हे आम्हाला सगळ्यांना ठाऊक होतं. दरवर्षी एकदोघं अशी जातात. हेडसरांनी तर मला हळूच सांगितलंही होतं, की न आलेली पोरगी निकाल बिघडवत नाही, तेव्हा फार मागे लागू नका.

"आली नाई म्हंजे पटावरून गेली काय?" सर उठून उभे राहिले. "पंचेचाळीस भागिले तीन, पंधरा. पुढं चौदा, मंधात पंधरा, मांगं सोळा. गनित बराबर हाय म्याडम. तिची जागा सोडा."

"जागा सोडा म्हणजे?"

"म्हंजे सोडा. मंधातल्या लाइनीत, मंधोमंध. मधलीच हाय थे."

पुढचा तास मी आयुष्यात विसरणार नाही. बाकावर चौदा पोरं आणि मधोमध एका पोरीएवढी फट. पोरं ती फट ठेवतील तर शपथ. इरफान "रेडी" म्हणायचा आणि दोन्ही बाजूंची पोरं नकळत सरकून एकमेकांना चिकटायची. सर ओरडायचे, "कोपर बाहेर काढ बे! तिले उभं राहू दे!" फट पुन्हा उघडायची, पुन्हा मिटायची. हेडसर खुर्चीवरून उठून म्हणाले, "अहो सर, हा फोटो फ्रेम करून लावायचा आहे, लोक म्हणतील मधला पोरगा पडला की काय." इरफान म्हणाला, "सर, टेन्शन नका घेऊ, मी कॉम्प्युटरवर जवळ-जवळ आनून देतो." सर त्याच्यावरच भडकले, ज्याच्या मघाशी पाया पडत होते त्याच्यावर. ऊन डोळ्यांवर आलं. आलुबोंडे गारठून दगड झाले. मला रडू यायचं तेवढं बाकी होतं आणि ते रागाचं होतं. एका मुलीसाठी, जी आलेलीच नाही, या माणसानं बाकी चव्वेचाळीस जणांच्या समारंभाचा विचका केला होता.

शेवटी फोटो निघाला. फटीसकट.

पोरांनी तो त्याच संध्याकाळी मोबाइलवरून सगळीकडे पाठवला. कसा कसा तो कारखान्याच्या फडावर पोचला, कोणास ठाऊक. चारेक दिवसांनी मला एका अनोळखी नंबरावरून फोन आला. मागे कोणाच्या तरी लेकराचं रडणं ऐकू येत होतं.

"म्याडम, म्या पूनमचा बाप बोलून राह्यलो."

"बोला."

"थ्या फोटोत मंधात जागा हाय. पोरगी तवापासून जेवून नाई राह्यली. म्हनते, थे जागा माही हाय. म्या म्हनलं, अशी कोनी जागा ठेवते काय? म्याडम, खरं हाय का?"

मनातून मला सरांना चार शब्द ऐकवायचे होते. पण फोनवर मी म्हटलं, "खरं आहे. तिचीच आहे."

"मंग तिले परीक्षेले अजून बसता येते काय जी?"

"येतं. फॉर्म भरलेला आहे. हॉल तिकीट माझ्या कपाटात आहे."

"लहान्याले कोन पाह्यन, हा सवाल हाय," तो म्हणाला. फडावर नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जातो. बाई लेकरापाशी बसली तर अर्धाच कोयता उरतो. तो हे सगळं मला नाही, स्वतःलाच सांगत होता. मग म्हणाला, "जाऊ द्या. हिची माय बसन लेकरापाशी. परीक्षा होयेपर्यंत अर्ध्या कोयत्यानं भागवू. पोरगी मावशीपाशी राह्यन."

दुसऱ्या दिवशी हे शिक्षकखोलीत सांगितलं तर हेडसरांनी कपाळावर हात मारला. "अहो, तीन महिने पुस्तकाला हात नाही तिचा. शंभर टक्क्यांचं काय?"

सर डबा खात होते. ठेचा-भाकरीचा घास तसाच हातात धरून म्हणाले, "हेडसर, शंभर टक्के ही बेरीज तुमी आधीच करून ठेवली काय? संख्या तं येऊ द्या." मग माझ्याकडे वळून अतिशय आनंदानं म्हणाले, "म्याडम, हा पाहा, दुसरा मानूस सापडला!"

पूनम आली. काळवंडली होती, हातांवर उसाच्या पात्यांचे ओरखडे होते. शाळा सुटल्यावर मी तिला समीकरण मांडायला शिकवलं, रोज, पहिली संख्या क्ष, दुसरी क्ष अधिक एक, असं घोटून घेतलं. तिला पास व्हायचं होतं हे तिच्या बसण्यातच दिसत होतं. आणि मलाही ती पास व्हायला हवी होती, फार हवी होती, हे सांगून टाकते. अर्धा कोयता माझ्या डोक्यातून जात नव्हता.

गणिताच्या पेपरला मी आणि सर केंद्राच्या फाटकाबाहेर उभे होतो. ती बाहेर आली. सरांचा पहिला प्रश्न, "क्रमागत संख्यायचं आलं होतं काय?"

"हो, सर."

"कसं केलं?"

तिनं आधी माझ्याकडे बघितलं, मग त्यांच्याकडे. "मोठीनं धाकटीले एक देला, असं लिहिलं."

मी तिथल्या कडुलिंबाच्या बुंध्याला टेकले. सर म्हणाले, "बराबर."

निकाल लागला. ती पास झाली, गणितात अगदी काठावर. पेपर तपासणाऱ्याला लहान भाऊ असावा. सर त्याच उन्हाळ्यात निवृत्त झाले. गुणपत्रिका वाटायच्या दिवशी ते मुद्दाम आले, आणि पूनमही आली. हेडसरांचा नूर आता पालटला होता, कारण निकाल शंभर टक्के होता. त्यांनी इरफानला बोलावून घेतलं होतं. फोटोची फ्रेम टेबलावर ठेवली होती आणि हेडसर दिलदारपणे म्हणाले, "आता हिचा एक फोटो काढ आणि घालून टाक त्या मोकळ्या जागेत. कॉम्प्युटरवर होतं ना?"

"एक मिन्टाचं काम हाय," इरफान म्हणाला आणि कॅमेरा काढायला लागला.

मला ही कल्पना एकदम पसंत होती. एकदाची ती फट बुजली असती. मी सरांकडे बघितलं. वाटलं, आता हे भांडणार. पण ते पूनमकडे बघत होते.

पूनम फ्रेमजवळ गेली. वाकून तिनं फोटो नीट बघितला, खालची रांग, वरची रांग, मग मधली.

"नको जी," ती म्हणाली. "मी तं तिथंच हाव. फटीतूनच तं मांगच्या दोघी पुऱ्या दिसून राह्यल्या."

इरफाननं कॅमेरा पुन्हा पिशवीत ठेवला. फ्रेम आहे तशीच शिक्षकखोलीत लागली. खिळा सरांनी स्वतः ठोकला, आणि अर्थातच तिरपा ठोकला. मी रोज सकाळी ती फ्रेम सरळ करते, आणि दुपारपर्यंत ती पुन्हा कलते.